चार विहिरींचं बेट

तिसऱ्यांदा नकार आला तेव्हा मी धक्क्यावर उभी होते. डोक्यावर फलक. त्यावर हिरवे आकडे: बेटकरी १८६, पाहुणे २१२. आणि हातातल्या मोबाइलवर तीन ओळी: ‘समिधा विचारे, वय ३०. प्रवर्ग पाहुणा, मुक्काम ७५ दिवस. जागा उपलब्ध नाही.’

समिधा माझी मुलगी. ह्याच सुरवड बेटावर जन्मली, ह्याच धक्क्यावरून पोहायला शिकली. चार वर्षांपूर्वी चिपळूणला दिली. आता पहिलटकरीण, आठवा महिना लागलेला. आठवा संपला की गरोदर बाईला होडीत घेत नाहीत, असा नियम आहे. म्हणजे माझ्या हातात पुरा महिनाही उरला नव्हता.

"आज कितीचा लागला गो आकडा?" शेजारीण यशोदा वासावे टोपली कडेवर घेऊन येत होती. मटक्याचा आकडा विचारावा तसं आम्ही बेटावर रोज सकाळी विचारतो.

"दोनशे बारा. आणि त्यात एक जागा माझ्या लेकीला नाय."

"दोनशे बारा माणसं फोटो काढायला येतात. एक पोर जन्माला यायला जागा नाय?" यशोदा फलकाकडे बघून म्हणाली. "हे यंत्र कुणाच्या पोटातून आलं ते तरी विचार त्याला."

यंत्र कुणाच्या पोटातून आलं ते मला ठाऊक होतं. ते आणणाऱ्या नऊ जणांच्या समितीत मी होते.

सुरवड हे वाळूचं आणि करलाच्या, म्हणजे वाळू-शिंपल्यांच्या पाणी झिरपणाऱ्या दगडाचं बेट. इथे नदी नाही, ओढा नाही. पावसाचं पाणी वाळूत मुरतं आणि खाली शिरलेल्या समुद्राच्या पाण्यावर तरंगत राहतं, कारण गोडं पाणी हलकं, खारं जड. तरंगणाऱ्या लाकडाचा थोडा भाग वर दिसतो आणि बराच खाली बुडलेला असतो, तसंच हे. समुद्राच्या पातळीच्या वर एक हात गोडं पाणी असेल तर खाली चाळीस हात असतं. हा हिशेब उलटाही चालतो, आणि तिथेच आमचा घात झाला. वरून एक हात पाणी उपसलं की खालून मीठ चाळीस हात वर सरकतं. वरच्या माणसाला वाटतं, विहीर जराशी तर उतरली आहे.

दहा वर्षांपूर्वी बेटाचं नाव कुणीतरी जगाला सांगितलं आणि होड्या सुरू झाल्या. सुट्टीत दिवसाला दोन-दोन हजार माणसं. प्रत्येकाला अंघोळ हवी, दोनदा हवी. तिसऱ्या उन्हाळ्यात आमच्या चारही विहिरी खारट झाल्या. चहा फाटायचा, डाळ शिजायची नाही, माडांची पानं करपली. तराफ्यावरून पाण्याच्या टाक्या यायच्या आणि आम्ही हंडे घेऊन रांगेत, तर बाजूच्या वाळूत पाहुणे पाण्याचे फुगे एकमेकांवर मारताहेत.

तेव्हा हे यंत्र आलं. बेटाला सोळा भोकं पाडून खोल नळ्या सोडल्या. नळीतून पाण्यात बारीकशी वीज जाते. खारं पाणी वीज चटकन वाहून नेतं, गोडं अडवतं, त्यावरून मीठ कुठवर चढलं ते दर दहा मिनिटांनी कळतं. त्यात भरती-ओहोटी, ऊन, पुढच्या पावसाचा अंदाज, पंपांचे मीटर सगळं घालून यंत्र ठरवतं की आज बेटावर किती माणसं राहू शकतात. आधी बेटकऱ्यांचं पाणी वजा करायचं, उरलेल्यात पाहुणे. फलकावर पाहुणे म्हणजे त्या दिवशीच्या जागा; बेटकरी मात्र हजर असलेले, धक्क्यावरच्या फाटकातून आत आला की एक वाढतो, गेला की एक कमी.

आणि यंत्र खरं ठरलं, हे मला प्रामाणिकपणे सांगायला हवं. दोन पावसाळ्यांत विहिरी गोड झाल्या. म्हणून तर चीड जास्त येते. यंत्र चुकीचं असतं तर कुऱ्हाड घेऊन गेले असते.

यंत्राची कचेरी जुन्या शाळेत. तिथला अधिकारी गजेंद्र डोर्लेकर, आमच्याच वाडीतला. लहानपणी माझ्या अंगणातले जांब चोरायचा. आता गळ्यात ओळखपत्र.

"काकी, बसा. पाणी देऊ?"

"मोजून देशील. नको." मी मोबाइल त्याच्यापुढे ठेवला. "हे काय हाय?"

त्याने वाचलं. त्याला पाठच होतं. "पंचाहत्तर दिवसांचा मुक्काम म्हणजे एका दिवसाच्या पंचाहत्तर पाहुण्यांइतकं पाणी. सलग तेवढ्या दिवसांची जागा मिळणं कठीण. सोडत निघते ना सगळ्यांची."

"ती पाहुणी नाय. माझी लेक हाय."

"वर्षात साठ दिवस बेटाबाहेर राहिलं तर बेटकरीपण जातं, काकी. समिधाचं गेलं लग्नाच्या वर्षीच."

"लग्न झालं म्हणून गेली. पळून नाय गेली! पहिल्या बाळंतपणाला पोर माहेरी येते, हे तुझ्या यंत्राला कुणी सांगितलं नाय? नियमात माहेर कुठे हाय?"

गजेंद्रने पडद्यावर बोट वरखाली केलं. खरंच शोधत असावा. "पर्यटन आहे, संशोधन आहे, शिबिर आहे, शासकीय आहे, इतर आहे. माहेरचा रकाना नाही, काकी."

"मग इतरमधे घाल."

"इतरला दोन दिवस मिळतात."

मी मोबाइल उचलला. तो खालच्या आवाजात म्हणाला, "चिपळूणला होऊ दे की. तिथे मोठी इस्पितळं आहेत."

"तुला कळत नाय का, की कळून घेत नाहीस? इथे जन्मलं तर पोर जन्माने बेटकरी. अठरा वर्षांचं होईस्तोवर कुणी त्याचं नाव खोडू शकत नाय. चिपळूणला जन्मलं तर ते पाहुणं. समिधाचं नाव गेलंच हाय, माझा नवरा गेला, उद्या मी गेले की आमच्या होडेकरांच्या घराला कुलूप. मग तिथे काय करशील? तिकीटघर?"

तीन वर्षं बेटावर एकही मूल जन्मलं नव्हतं. उपकेंद्रातली परिचारिका नुसती पाहुण्यांच्या पायातले काटे काढत बसायची. गजेंद्रलाही ते माहीत होतं. तो म्हणाला, "माझ्या हातात नाही. विहिरींना पाणी वाढलं तर आकडा वाढेल. आकडा वाढला तर जागा निघेल. एवढंच सांगतो."

एवढंच तो बोलला, आणि माझ्या डोक्यात नको ते शिरलं.

बेटावर चार विहिरी आहेत असं यंत्र समजतं. आहेत पाच. पाचवी डोंगरीच्या मागे, केवड्याच्या बनात. तिला बाळंतबाव म्हणतात, बाव म्हणजे विहीर. तिचं पाणी फक्त बाळंतिणीसाठी, पहिल्या दिवसापासून चाळिसाव्यापर्यंत. काढायचं बायकांनीच. बाकी कुणी त्या पाण्याला हात लावत नाही, तहानेने जीव चालला तरी. विहिरी खारट झाल्या त्या उन्हाळ्यातही कुणी तिकडे हंडा नेला नव्हता.

सर्वेक्षणाला माणसं आली तेव्हा त्यांनी घरोघर विचारलं, तुम्ही किती विहिरींचं पाणी वापरता? चाळीस घरांतल्या चाळीस बायकांनी सांगितलं, चार. कुणी कुणाला शिकवलं नव्हतं. खोटंही नव्हतं. बाळंतबाव आम्ही वापरतो असं आमच्या मनातच येत नाही. ती असते. मागे नुसता कातळ आहे असं समजून त्यांनी तिकडे नळीही सोडली नाही.

मी यशोदेला सांगितलं, "बारा दिवस आपण नळ उघडायचे नायत. बावेचं पाणी आणायचं. चार विहिरींना आराम पडेल, आकडा चढेल."

यशोदेने कमरेवर हात ठेवले. "बाळंतीण आणायला बाळंतिणीचं पाणी आपण प्यायचं?"

"पिऊ नका. भांडी घासा, कपडे धुवा."

"वा गो! म्हणजे पाप अर्धंच."

पण आली. आम्हा दोघींची धरून अकरा घरं झाली. पहाटे उजाडता उजाडता आम्ही डोंगरी चढायचो. माझी बासष्टी उलटलेली, गुडघे वाजत होते. कळशी डोक्यावर, एक कमरेवर. पुरुषांना काढता येत नाही म्हणून यशोदेचा नवरा केवड्याच्या बनाबाहेर उभा राहून कळश्या पुढे न्यायचा आणि दर खेपेला म्हणायचा, "सरकारने नळ दिला, बायकोने डोंगर दिला."

पाचव्या दिवशी फलकावर २१५ झाले. आठव्या दिवशी २२०. बाराव्या दिवशी सकाळी सहा वाजता आकडा बदलला: २२८. वाढीव जागा बारा दिवसांनी एकदम खुल्या होतात, सोडतीशिवाय, आधी येईल त्याला: सोळा जागा, सलग दोन आठवड्यांच्या. एकदा आत आली की मुदत वाढवून घेता येते. यशोदेने माझा हात घट्ट धरला. मी आधीच भरून ठेवलेला अर्ज दाबला.

‘जागा उपलब्ध नाही.’

मला वाटलं मोबाइल बिघडला. पुन्हा दाबलं. तेच. सहा वाजून एक मिनिट झालं होतं.

दुपारच्या होडीने त्या सोळा जागा उतरल्या. पुण्याचं मौन शिबिर. सगळे पांढऱ्या कपड्यांत, प्रत्येकाच्या छातीवर पाटी: ‘मी चौदा दिवस बोलणार नाही.’ त्यांच्या संस्थेचं यंत्र आमच्या यंत्राशी थेट बोलतं म्हणे. आकडा बदलला की अर्ध्या क्षणात जागा घेतं. मौन माणसांना होतं, यंत्रांना नव्हतं.

मी धक्क्यावरच त्यांना गाठलं. म्हटलं, तुम्ही ज्या पाण्यावर आलात ते आम्ही बायकांनी डोक्यावरून वाहिलं, माझ्या लेकीसाठी. गप्प बसायला समुद्र ओलांडून यायला लागतं का? तुमच्या घरात तोंडं शिवून बसता येत नाय? मी बरंच बोलले. सोळा जणांनी मान तिरकी करून, डोळ्यांत मायेने, शांतपणे ऐकून घेतलं. मग सगळ्यांनी मला हात जोडले.

उत्तर देणाऱ्या माणसाशी भांडता येतं. त्या दिवशी घरी येऊन मी भिंतीशी भांडले.

दुसऱ्या दिवशी बावेच्या पाण्याचं एक बोट जिभेवर ठेवलं. जिभेच्या कडेला लागलं. अगदी थोडं. मीठ.

मी यशोदेला सांगितलं नाही. तिनेही तोंड धुताना चाखलं होतं, आणि तिने मला सांगितलं नाही.

संध्याकाळी गजेंद्र घरी आला. ओळखपत्र खिशात घातलेलं. ओसरीच्या पायरीवर बसला.

"काकी, अकरा घरांचे मीटर बारा दिवस बंद होते. तरी धुणी वाळत होती."

मी तांदूळ निवडत होते. निवडत राहिले.

"डोंगरीच्या मागे काहीतरी आहे. मधे काळ्या दगडाची भिंत असणार, म्हणून ते पाणी वेगळं राहिलं. एक नळी सोडली तर आकडा कायमचा वाढेल. पंचवीस-तीसने तरी."

"त्यातले आमच्या लेकींना किती?"

त्याला हा प्रश्न नको होता. "नवीन पाणी सगळ्यांसाठी खुलं. सोडतीतच जाईल."

"म्हणजे मौन शिबिराला."

"नियम तसा आहे."

"गजा, तू जन्मलास तेव्हा पाऊस अडकला होता. चाळीस दिवस तुझ्या आईने कुठलं पाणी प्यायलं, विचारलंस कधी तिला?"

त्याने केवड्याच्या दिशेला बघितलं, मग चपलांकडे. "मला नोंदवायला पाहिजे," तो म्हणाला. मग म्हणाला, "मीटर खराब होतात कधी कधी. खारी हवा." आणि उठला.

दोन पावलं जाऊन वळला. "एक वाट आहे. जागाबदल. एखाद्या बेटकऱ्याने आपली जागा सोडून बाहेर राहायचं, तेवढे दिवस त्याच्या नात्यातलं माणूस आत येऊ शकतं. पंचाहत्तर दिवसांपर्यंत. सोडत नाही, रांग नाही."

माझ्या हातातलं सूप थांबलं. "मग हे आधी का नाय बोललास?"

"कारण तुम्ही गेलात तर साठाव्या दिवशी तुमचं बेटकरीपण जाईल. समिधाला दिलेला मुक्काम तरीही पुरा होईल. बाळाचं नाव लागेल. तुमचं खोडलं जाईल."

"साठाव्या दिवशीच? शासनाने तर एकशे ऐंशी दिवस सुचवले होते."

"हो. समितीत एका सदस्याने आग्रह धरून साठ केले. मुंबईत बसून इथे घरं भाड्याने देणाऱ्यांची नावं कापायची म्हणून." त्याने मान खाली घातली. "इतिवृत्तात आहे, काकी. सही तुमची आहे."

होती. मला तो दिवस आठवतो. मी टेबलावर हात आपटून म्हटलं होतं, ज्याला बेट हवं त्याने बेटावर राहावं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या होत्या. माहेरी आलेली पोर कुणाच्या डोळ्यांपुढे नव्हती. माझ्याही नव्हती. आम्ही भाड्याने घरं देणारे मोजत होतो. बावेसारखंच झालं. जे आपल्यात इतकं मुरलेलं असतं ते मोजणीत धरायचं राहून जातं, आणि मग यंत्र म्हणतं, ते नाहीच.

आठवा महिना संपायला चार दिवस होते तेव्हा मी पिशवी भरली. फाटकातून बाहेर पडताना वर बघितलं. १८६ चे १८५ झाले. फाटकाने एक बारीक आवाज केला, बस.

पलीकडे किनाऱ्याला, आंबोळ्याच्या धक्क्यावर समिधा उभी होती. जावई बाजूला बॅगा घेऊन. परतीच्या होडीला वीस मिनिटं होती. पोट पुढे आलेलं, पाय सुजलेले. मला बघून तिचा चेहरा आधी उजळला आणि मग कडक झाला.

"गजूदादाने मला सगळं सांगितलं फोनवर. मी जाणार नाही."

"त्याचं तोंड नको तिथे उघडतं."

"आई, तू नसलेलं माहेर कसलं? तू इथे आणि मी तिथे, मग मी कुणाकडे चाललेय?"

"यशोदामावशी हाय. उपकेंद्रातली बाई हाय. घर हाय. तुझं न्हाणीघर घासून ठेवलंय."

"आणि तू?"

"मी तुझ्या घरी. ह्यांना भाकऱ्या करून घालीन." मी जावयाकडे बोट केलं. "लेकीच्या घरचं पाणी पिऊ नये म्हणतात. मी पंचाहत्तर दिवस जेवणार. एवढे नियम मोडले, त्यात एक."

जावई म्हणाला, "आई, मला भाकरी येते करता." समिधा रडता रडता हसली. "त्याच्या भाकरीवर होडी बांधता येईल," ती म्हणाली.

होडीवाल्याने शिट्टी दिली. मी तिला जवळ घेतलं. पोटातल्याने लाथ मारली, ती मलाही लागली.

"ऐक. बावेला आम्ही फार उपसलंय. जरा खारं लागलं तर घाबरू नको. यशोदेला सांगितलंय, रोज सकाळी एकच कळशी, तीही वरवरची. दोरी हळू सोडायची. खालचं पाणी ढवळायचं नाय."

"आई, तू तुझं नाव—"

"होडी जाईल."

ती गेली. होडी फाटकाला लागली असेल तेव्हा मला उगीच तो बारीक आवाज ऐकू आल्यासारखा वाटला. जागा भरली. यंत्राच्या दृष्टीने काहीच घडलं नव्हतं.

एकोणतिसाव्या दिवशी सकाळी यशोदेचा फोन आला. मुलगी झाली. समिधा बरी. "आणि पाणी?" मी विचारलं. यशोदा म्हणाली, "रात्री पोर झाली तेव्हा खारं होतं गो. तरी तिला तेच दिलं, दुसरं कसं देणार? आज पहाटे वरचं अर्धा तांब्या गोड मिळालं." फलकावर बेटकऱ्यांत एक वाढला, असंही सांगितलं. बारशाला मी मोबाइलमधून पाळण्याची दोरी बघितली. ती ओढायला हात पुढे झाला माझा.

एकसष्टाव्या दिवशी सकाळी सहाला निरोप आला: ‘द्वारका होडेकर. प्रवर्ग पाहुणा. सुरवड बेटाला भेट देण्यासाठी आजच अर्ज करा.’ खाली समुद्राचं चित्र. आता मी सोडतीत बसू शकत होते. आपलं घर गमावल्यावरच त्या घरी जायचा अर्ज करता येतो, असा हा कायदा, आणि त्याखाली माझी सही. हेतूच्या रकान्यात पर्यटन लिहिलं. दुसरं काय लिहिणार?

सहासष्टाव्या दिवसाची जागा लागली. सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच.

आंबोळ्याच्या धक्क्यावर माझ्या मनगटावर निळा पट्टा बांधला. पाण्याची बारा लिटरची पावती दिली. होडीत माझ्या शेजारी नागपूरचं एक जोडपं होतं. त्यातल्या बाईने विचारलं, "पहिल्यांदाच चाललात का?"

"पट्टा बांधून पहिल्यांदाच," मी म्हटलं.

समोर बेट दिसायला लागलं. धक्क्यावर समिधा उभी होती, छातीशी दुपट्यातलं काहीतरी. बाजूला यशोदा हात हलवत होती. मी उठून उभी राहिले तर होडीतली मार्गदर्शक मुलगी म्हणाली, "आजी, खाली बसा, आधी सूचना." वीस-बावीस वर्षांची होती, कुठल्यातरी शहरातली. तिने पाठ केलेलं म्हणायला सुरुवात केली. वाळूत प्लास्टिक टाकू नये. माडांवर चढू नये. पाणी जपून वापरावं.

"ह्या बेटावर नदी नाही," ती म्हणाली. "सगळं बेट फक्त चार विहिरींवर जगतं." मग तिला काय वाटलं कुणास ठाऊक, माझ्याकडे वळून म्हणाली, "आजी, तुम्ही ह्या भागातल्या दिसता. बरोबर ना, चारच ना?"

होडीतली सगळी माणसं माझ्याकडे बघायला लागली. धक्क्यावर समिधाने दुपटं जरा बाजूला केलं आणि पोरीचं तोंड माझ्याकडे वळवलं.

"चारच," मी म्हटलं.